गोष्ट थांबते तिथे : स्कॉट बुकॅटमन यांची पुस्तकं कशी वाचावीत

१९७९ सालच्या 'स्टार ट्रेक: द मोशन पिक्चर'मध्ये एक प्रसंग आहे. कॅप्टन कर्क आणि त्याचा इंजिनियर स्कॉटी एका लहानशा यानात बसून 'एंटरप्राइज' या महाकाय अंतराळयानाकडे निघतात. ते थेट आत शिरत नाहीत, आधी त्याला संथपणे फेरी घालतात. पाच मिनिटांच्या आसपास हे चालतं. संवाद जवळपास नाहीत, संकट नाही, कथा जागची हलत नाही. यानाचा पांढरा देह, त्यावर पडलेला प्रकाश, पार्श्वसंगीत आणि मधून मधून कर्कचा चेहरा, एवढंच पडद्यावर असतं. अनेकांना हा प्रसंग रटाळ वाटला. इथे कात्री चालवायला हवी होती, असं आजही म्हटलं जातं.

स्कॉट बुकॅटमन नेमके अशा प्रसंगापाशी थांबतात. अमेरिकेतल्या स्टॅनफर्ड विद्यापीठात चित्रपट आणि माध्यमांचा अभ्यास शिकवणारे हे प्राध्यापक गेली तीसेक वर्षं विज्ञानकथा, सिनेमा आणि कॉमिक्स यांवर लिहीत आहेत. त्यांची पुस्तकं वेगवेगळ्या विषयांवरची दिसतात, पण सगळ्यांच्या तळाशी एक सवय आहे. गोष्ट थांबली की आपण बहुतेक जण मनातल्या मनात घड्याळ पाहतो. बुकॅटमन त्या वेळी पडद्याकडे अधिक नीट पाहतात आणि विचारतात : आता नुसतं पाहणंच उरलं आहे, तर हे चित्र आपल्या डोळ्यांना आणि शरीराला काय करतं आहे? ही रीत एकदा लक्षात आली की त्यांचं कुठलंही पुस्तक उघडता येतं. म्हणून आधी ती रीत पाहू, पुस्तकांचा क्रम नंतर.

'मॅटर्स ऑफ ग्रॅव्हिटी' (२००३) या निबंधसंग्रहात स्पेशल इफेक्ट्सवर एक दीर्घ निबंध आहे. त्याच्या केंद्रस्थानी डग्लस ट्रम्बुल हा इफेक्ट्सकार आहे. '२००१: अ स्पेस ओडिसी' (१९६८), 'क्लोज एन्काउंटर्स ऑफ द थर्ड काइंड' (१९७७), वर सांगितलेला 'स्टार ट्रेक' आणि 'ब्लेड रनर' (१९८२) या चारही चित्रपटांवर त्याचा हात फिरला. दिग्दर्शक चार वेगवेगळे, तरी त्यांतली काही दृश्यं एकाच घराण्यातली वाटतात. 'स्टार वॉर्स'मधली यानं डोळ्यांसमोरून सुसाट निघून जातात. ट्रम्बुलची दृश्यं सावकाश उलगडतात, प्रेक्षकाला आत घेतात आणि तिथे राहू देतात. बुकॅटमन हे वेगळेपण पकडतात आणि विचारतात, की अशा पाहण्याची परंपरा आली कुठून?

उत्तरासाठी ते सिनेमाच्या जन्माच्याही मागे जातात. एडमंड बर्क या विचारवंताने १७५७ साली सुंदर आणि उदात्त यांतला फरक सांगणारा ग्रंथ लिहिला. अफाट, अंधारं, थोडं भय घालणारं असं काही समोर आलं की मन आधी दबतं आणि मग त्या दबण्यातच त्याला एक उंच आनंद मिळतो, हे उदात्ताचं रूप. बर्कने त्यात एक कारागिरीची गोष्टही सांगितली. खराखुरा अनंत कोणी उभारू शकत नाही, पण सारख्या आकाराचे खांब एकापुढे एक मांडत नेले की नजर शेवटच्या खांबापाशी अडत नाही, कल्पना ती ओळ पुढे चालू ठेवते. याला त्याने कृत्रिम अनंत म्हटलं, आणि बुकॅटमननी आपल्या निबंधाला तेच नाव दिलं.

बर्कपासून ते पुढच्या शतकातल्या अमेरिकन निसर्गचित्रांकडे येतात. फ्रेडरिक चर्चचं 'हार्ट ऑफ द अँडीज' हे भव्य चित्र १८५९ साली न्यूयॉर्कमध्ये २५ सेंट तिकीट लावून दाखवलं गेलं. अंधाऱ्या दालनात फक्त चित्रावर प्रकाश, आणि चित्राच्या पोटात शिरून बारकावे टिपता यावेत म्हणून लोकांच्या हातात दुर्बिणी. हजारो लोक आले. सिनेमा जन्माला यायला अजून पस्तीसेक वर्षं होती, पण अंधारात तिकीट काढून बसायचं आणि आपल्याहून अफाट काहीतरी पाहायचं, ही सवय तिथेच पडली. ट्रम्बुलचे इफेक्ट्स हे या चित्रपरंपरेचे वारसदार आहेत, असं बुकॅटमन सांगतात. मला हा दुवा फार मोलाचा वाटतो. इफेक्ट म्हणजे तंत्रज्ञांची कसरत आणि कला म्हणजे दिग्दर्शकाची दृष्टी, अशी जी वाटणी आपण नकळत करतो, ती इथे मोडते.

प्रत्यक्षात हे कसं घडतं ते 'ब्लेड रनर'च्या पहिल्या दृश्यात पाहता येतं. काळोख, मग २०१९ सालचं लॉस एंजेलिस. क्षितिजापर्यंत दिव्यांचं शहर, त्यातून वर आलेली धुराडी, धुराड्यांच्या तोंडातून आगीचे लोळ. एक उडती गाडी आपल्या दिशेने येते आणि निघून जाते. मग पडदाभर एक निळसर डोळा, त्यात तेच शहर आणि तीच आग उमटलेली. डोळा कोणाचा, हे सांगितलं जात नाही.

हे शहर म्हणजे सुमारे अठरा फूट रुंद आणि तेरा फूट खोल असा एक देखावा होता. पुढचे मनोरे नीट घडवलेले, मागचे क्रमाक्रमाने लहान, आणि अगदी मागचे तर पितळी पत्र्यातून आम्लाने कोरून काढलेले नुसते सपाट आकार. आतून प्रकाशतंतूंनी पेटवलेले असंख्य ठिपके. खोलीत धूर कोंडलेला, कारण धुरामुळे मागचं पुसट होत जातं आणि तेरा फुटांचे कित्येक मैल होतात. एकाच फिल्मवर दिवे, आग, गाडी असं वेगवेगळं चित्रण चढवायचं असल्यामुळे कॅमेरा यंत्राने चालवलेला, म्हणजे दर खेपेला तो तंतोतंत त्याच वाटेने जाणार. वारंवार छपाईत चित्राची धार जाऊ नये म्हणून ६५ मिलिमीटरची मोठी फिल्म.

आता बर्क पुन्हा आठवावा. सारख्या मनोऱ्यांची मागे जाणारी रांग हा त्याचाच उपाय आहे. आणि दूरचे डोंगर पुसट करून अंतर दाखवणं हे चर्चसारख्या निसर्गचित्रकारांचं रोजचं काम होतं. ट्रम्बुलच्या खोलीतला धूर तेच करतो.

'२००१'मध्ये अंतराळवीर तारकाद्वारातून जो प्रवास करतो, त्याच्या चित्रणाचं यंत्र आणखी विलक्षण होतं. काळ्या पडद्यात एक बारीक उभी फट. फटीमागे नक्षी काढलेली काच आणि तिच्या मागून उजेड. समोर रुळांवर कॅमेरा. कॅमेऱ्याची झडप उघडी ठेवून तो फटीच्या दिशेने न्यायचा आणि त्याच वेळी नक्षीची काच आडवी सरकवत राहायची. कॅमेरा दूर असतो तेव्हा फट फिल्मच्या मध्याजवळ उमटते, जवळ येत जातो तशी ती कडेकडे सरकते. त्यामुळे एका फ्रेमवर ओढलेला, ताणलेला प्रकाशाचा एक पट्टा तयार होतो, जणू अनंतापर्यंत गेलेली भिंत. मग झडप मिटायची, कॅमेरा मागे आणायचा, नक्षी किंचित पुढे सरकवायची आणि पुढची फ्रेम. समोरची दुसरी भिंत त्याच फिल्मवर वेगळी घ्यायची. एका फ्रेमला मिनिटभराच्या आसपास वेळ, आणि पडद्यावरच्या एका सेकंदाला २४ फ्रेम. त्या वेळी ट्रम्बुल पंचविशीच्या आसपासचा तरुण होता. हा प्रसंग पाहताना आपण वेगाने कुठेतरी खेचले जातो असं पोटात जाणवतं, आणि प्रत्यक्षात तिथे एक फट आणि एक काच होती.

बुकॅटमन यात आणखी एक गोष्ट दाखवतात, आणि ती लक्षात आली की अशी दृश्यं पूर्वीसारखी पाहताच येत नाहीत. या चारही चित्रपटांत अफाट दृश्याबरोबर ते पाहणारं कोणीतरी असतं. तारकाद्वारात अंतराळवीराचा थिजलेला चेहरा आणि रंग बदलणारा डोळा. 'क्लोज एन्काउंटर्स'मध्ये वायोमिंगच्या डेव्हिल्स टॉवरपाशी माना वर करून उभे असलेले लोक. 'ब्लेड रनर'मध्ये तो बेनाम डोळा. 'स्टार ट्रेक'मध्ये कर्क. आपण पडद्यावर फक्त यान पाहत नसतो, तर पाहण्याची क्रियाच आपल्यासमोर मांडलेली असते. यंत्रांनी माणसाचं जग माणसाच्या आवाक्याबाहेर नेलं, ही विसाव्या शतकाची धास्ती. हे इफेक्ट्स ती धास्ती आधी वाढवतात आणि मग नजरेला तिच्यात स्थिर व्हायला शिकवतात. कथेतले संवाद हे सांगत नाहीत, दृश्य सांगतं.

'ब्लेड रनर'वर बुकॅटमननी १९९७ साली ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या मालिकेसाठी एक छोटेखानी पुस्तक लिहिलं. फिलिप के. डिकची १९६८ची कादंबरी, रिडली स्कॉटचं दिग्दर्शन, सिड मीडने आखलेलं भविष्य, महानगराचा इतिहास हे सगळं त्यात आहे, पण पुस्तकाचा जीव आहे तो एका फोटोच्या प्रसंगात. नायक डेकार्ड एक फोटो यंत्रात घालतो आणि तोंडी हुकूम देत त्याच्या आत शिरू लागतो. पडद्यावर निळ्या रेषांची जाळी, प्रत्येक हुकमाला खटक. एका खोलीत कोणीतरी बसलेलं, मागे एक गोल आरसा. तो आरशात शिरतो, आरशातून फोटोत न दिसणाऱ्या कोपऱ्यात वळतो, आणि तिथे झोपलेली एक बाई सापडते. कागदी फोटोत असं वळता येणं अशक्य आहे. पण सगळा चित्रपटच असा रचलेला आहे : जितकं जवळ जावं तितकं आणखी काही दिसतं, आणि म्हणून पूर्ण पाहून झालं असं कधीच होत नाही. बुकॅटमन या दाटीलाच चित्रपटाचा विषय मानतात. तिथे खरा माणूस आणि बनवलेला माणूस यांतला भेद डोळे तपासून ठरवला जातो, तेव्हा पाहण्याबद्दलचा हा चित्रपट आहे हे त्यांचं म्हणणं मला पूर्ण पटतं.

त्यांचं पहिलं पुस्तक 'टर्मिनल आयडेंटिटी' (१९९३) जास्त गाजलं. टीव्ही आणि संगणकाच्या पडद्यासमोर बसलेल्या माणसाच्या 'मी'चं काय होतं, जुना 'मी' तिथे संपतो की तिथेच नवा घडतो, हा त्याचा प्रश्न. विल्यम गिब्सनची 'न्यूरोमॅन्सर' (१९८४), डेव्हिड क्रोननबर्गचा 'व्हिडिओड्रोम' (१९८३), 'ट्रॉन' (१९८२), जे. जी. बॅलर्डच्या कथा असा पसारा त्यात आहे. इंटरनेट घराघरांत पोहोचण्याआधी हे लिहिलं गेलं, याचं आज नवल वाटतं. पण पुस्तक फ्रेंच सिद्धांतांनी खच्चून भरलेलं आहे. नव्या वाचकाने इथून सुरुवात केली तर तो शंभराव्या पानाआधी दमेल, असं मला प्रामाणिकपणे वाटतं.

त्यांच्या पुस्तकांत माझं सर्वांत आवडतं म्हणजे 'द पोएटिक्स ऑफ स्लंबरलँड' (२०१२). याचा नायक विन्सर मॅके, न्यूयॉर्कच्या वर्तमानपत्रांत विसाव्या शतकाच्या आरंभी काम करणारा चित्रकार. १९०४ साली सुरू झालेली त्याची एक मालिका सॅमी नावाच्या पोराची. प्रत्येक भागात सहा चौकटी, दृष्टिकोन एकच. सॅमीला शिंक येऊ लागते, चौकटीगणिक तोंड वेडंवाकडं होत जातं, शिंक सुटते आणि भोवतालच्या जगाचा बोऱ्या वाजतो. शेवटी सॅमीची हकालपट्टी.

बुकॅटमन या चौकटींशेजारी म्युब्रिज आणि मारे यांची छायाचित्रं ठेवतात. धावणाऱ्या घोड्याची, उडणाऱ्या पक्ष्याची हालचाल सारख्या तुकड्यांत कापून शास्त्राला मोजता यावी म्हणून १८७० आणि १८८०च्या दशकांत ती काढली गेली होती. मॅकेने मापनाची तीच जाळी उचलली आणि तिच्यात मोजमापाला दाद न देणारी गोष्ट बसवली, कारण शिंक हुकमाने थांबवता येत नाही. २४ सप्टेंबर १९०५च्या भागात तर भोवती काहीच नाही, फक्त सॅमी आणि चौकटीच्या रेषा. शिंक सुटते आणि त्या रेषाच फुटतात. शेवटच्या चित्रात पोरगं चौकटीच्या तुकड्यांत हिरमुसून बसलेलं. कारखान्यांची घड्याळं माणसाचं शरीर शिस्तीत बसवत होती त्या काळात एका पोराची शिंक चौकट फोडते, हा बुकॅटमनचा धागा. मला तो ओढूनताणून आणलेला वाटत नाही, कारण पुरावा पानावर आहे.

मॅकेची दुसरी मालिका 'लिटल निमो', १९०५च्या ऑक्टोबरात सुरू झालेली. दर रविवारी वर्तमानपत्राचं अख्खं रंगीत पान, आणि दर वेळी अखेरच्या चौकटीत निमोची झोप मोडते. २६ जुलै १९०८च्या पानात निमोच्या पलंगाचे पाय वाढू लागतात. पाय लांबतात तशा चौकटीही उंच होत जातात. पलंग खिडकीतून बाहेर पडून शहरभर टांगा टाकत फिरतो, इमारतींवरून उड्या मारतो, एका चर्चच्या कळसाला अडखळतो, आणि निमो घरात जमिनीवर पडलेला असतो. म्हणजे जागचा न हलता केलेला प्रवास. जमिनीवर पान पसरून, पालथं पडून ते वाचणारं मूलही हाच प्रवास करत असणार, असं बुकॅटमन सुचवतात. चौकट ही डबी नाही, गोष्टीबरोबर तिचं मापही बदलू शकतं, हे कॉमिक्सला इतक्या लवकर उमगलं होतं.

याच पुस्तकात रेषेच्या जिवंतपणाबद्दल फार सुंदर विवेचन आहे. रशियन दिग्दर्शक आइझेनस्टाइनने डिस्नेबद्दल लिहिताना म्हटलं होतं, की तिथली रेषा कुठलाही आकार घेऊ शकते आणि कुठल्याही एका आकाराला बांधील राहत नाही. बुकॅटमन ही कल्पना मॅकेच्या 'गर्टी द डायनासोर'पर्यंत (१९१४) मागे नेतात. मॅके रंगमंचावर हातात चाबूक घेऊन उभा राहायचा आणि पडद्यावरच्या गर्टीला हुकूम सोडायचा. ती काही ऐकायची, काही ऐकायची नाही, रागावलं की रडायची. हजारो चित्रं हाताने काढणाऱ्या माणसाने आपल्या निर्मितीला मुद्दाम हट्टी केलं, कारण हुकूम मोडणारीच जिवंत वाटते.

मराठी वाचकाला इथे दादासाहेब फाळके आठवल्यावाचून राहत नाहीत. ही जोडणी माझी आहे, बुकॅटमन यांची नव्हे. 'राजा हरिश्चंद्र'च्या आधी फाळक्यांनी वाटाण्याचा दाणा कुंडीत लावून त्याच्या वाढीचं थोडं थोडं चित्रण दिवसामागून दिवस केलं आणि 'अंकुराची वाढ' हा लघुपट केला. मॅकेचा पहिला चलच्चित्रपट १९११चा, म्हणजे दोघांमध्ये फार तर वर्षाचं अंतर. मॅके जाहिरातफलक रंगवून, मग रंगमंचावर झटपट चित्रं काढून दाखवत वर आला. फाळके छापखान्यातून आले, आणि आपल्या नावाची अक्षरं उलटी करून 'प्रोफेसर केळफा' या नावाने जादूचे प्रयोगही करत. पुढे त्यांनी आगपेटीतल्या काड्या पडद्यावर नाचवल्या. निर्जीवाला हलताना पाहण्याची ओढ दोघांची सारखीच होती. बुकॅटमनच्या चष्म्यातून 'कालिया मर्दन' (१९१९) पाहिला तर पौराणिक कथेइतकंच, अशक्य ते घडताना दाखवण्याचं फाळक्यांचं सामर्थ्यही दिसू लागतं.

'हेलबॉयज वर्ल्ड' (२०१६) ही रीत कॉमिकच्या पानाच्या गाभ्यात नेते. माइक मिग्नोलाच्या 'हेलबॉय' या कॉमिकमध्ये राक्षसांशी मारामाऱ्या भरपूर, पण मिग्नोला मध्येच एखादी छोटी मूक चौकट घालतो : दगडी मूर्तीचा चेहरा, एखादा बेडूक. कथेला तिची गरज नसते. वाचणाऱ्याची नजर मात्र तिथे ठेचकाळते आणि वेग उतरतो. भोवती घट्ट काळा रंग, त्यात हेलबॉयचं लाल शरीर, त्यामुळे पान आधी चित्र म्हणून दिसतं आणि मग गोष्ट म्हणून वाचलं जातं. 'स्टार ट्रेक'मधल्या त्या फेरीने जे केलं, ते इथे दोन इंचांची चौकट करते.

सुपरहिरोंबद्दल बुकॅटमन तितके उदार नाहीत. २०११ साली त्यांनी, सुपरहिरो चित्रपट आपल्याला का आवडत नाहीत, हे सांगणारा एक लेख लिहिला. कॉमिकच्या पानावरचं ते रंगीत, उसळतं शरीर सिनेमात येताना संगणकाने बनवलेलं वजनहीन बाहुलं होतं, ही त्यांची मुख्य तक्रार. अकरा वर्षांनी त्याच माणसाने रायन कूग्लरच्या 'ब्लॅक पँथर'वर (२०१८) अख्खं पुस्तक लिहिलं. यात मला विसंगती दिसत नाही. १९६६ साली स्टॅन ली आणि जॅक कर्बी यांनी ज्याला जन्म दिला तो हा नायक पडद्यावर आला तेव्हा रूथ कार्टरचे पोशाख आणि हॅना बीचलर यांनी उभारलेलं वाकांडा यांनी त्याच्याभोवती एक भरीव जग उभं केलं होतं. वसाहतवादाचा हात न लागलेलं आफ्रिकी भविष्य ही कल्पना तिथे संवादांइतकीच कापडात आणि वास्तुरचनेत आहे. दोघींनाही त्यासाठी ऑस्कर मिळालं.

सुरुवात करायची असेल तर 'ब्लेड रनर'वरच्या छोट्या पुस्तकापासून करावी, पण आधी चित्रपट पाहून. त्याच्या आवृत्त्या अनेक आहेत. १९८२ची मूळ प्रत नायकाच्या निवेदनासह आणि सुखान्त शेवटासह आहे. १९९२च्या प्रतीत ते दोन्ही काढून टाकलं आणि एकशिंगी घोड्याचं स्वप्न घातलं. २००७ची अंतिम प्रत पुस्तक लिहून झाल्यानंतरची आहे, म्हणून वाचनासाठी १९९२ची प्रत सोयीची. त्यानंतर 'मॅटर्स ऑफ ग्रॅव्हिटी'तला इफेक्ट्सवरचा निबंध, मग 'स्लंबरलँड'. ते वाचताना निमोची पानं शेजारी असावीत, आणि जमलं तर मोठ्या आकारात. फोनच्या पडद्यावर त्या पलंगाचे पाय पुरेसे लांब होत नाहीत.